पैठणच्या लेखाचे परीक्षण कसे करावे?

विचारले आहे ते थोडक्यात असे. पैठण तालुक्यातल्या आणि तिथून शिक्षण-नोकरीसाठी बाहेर पडलेल्या काही जणांनी मिळून मराठी विकिपीडियावरच्या पैठणच्या लेखासाठी धूळपाटीवर, म्हणजे कच्च्या लेखनाच्या पानावर, मोठा मसुदा तयार केला आहे. तो मुखपृष्ठावर झळकणाऱ्या मासिक सदरासाठी सुचवायचा आहे. त्याआधी गटातल्याच सात-आठ जणांनी त्याचे परीक्षण करायचे ठरवले आहे. पण परीक्षण म्हणजे नेमके काय पाहायचे, सुरुवात कुठून करायची, आणि गावात सगळ्यांना ठाऊक असलेल्या गोष्टींनाही संदर्भ लागतो का?

शेवटच्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण बाकीचे त्यातूनच निघते. हो, लागतो. गावाला ठाऊक असलेली गोष्ट खोटी असते म्हणून नव्हे, तर वाचक गावातला नसतो म्हणून. सोलापुरात किंवा शारजात बसून लेख वाचणाऱ्या मुलीला पैठणच्या नाथवाड्यात येऊन कोणाला विचारता येत नाही. लेखातल्या वाक्यापासून निघून तिला एखाद्या छापील पानापर्यंत पोहोचता आले पाहिजे. ज्या वाक्यापासून असे कुठेच पोहोचता येत नाही, ते कितीही खरे असले तरी विश्वकोशात राहू शकत नाही. परीक्षकाने हे पोहोचणे वाचकाच्या आधी स्वतः करून पाहायचे असते.

म्हणून परीक्षण आणि मुद्रितशोधन ही दोन वेगळी कामे धरा. नवे गट पहिल्याच बैठकीत ऱ्हस्व-दीर्घ दुरुस्त करायला बसतात. त्यात वेळ छान जातो आणि काम झाल्यासारखे वाटते. वेलांट्या शेवटी पाहा. पहिल्या वाचनात प्रत्येक वाक्यापाशी थांबून दोनच गोष्टी विचारा. हे कोण म्हणते? आणि ज्याचे नाव तळटीपेत दिले आहे, तो खरोखर हेच म्हणतो का? तळटीप आहे म्हणून वाक्य पक्के असे समजू नका. पुस्तक उघडा, पान काढा, ओळ वाचा. पुस्तक हाती नसेल तर ‘तपासले’ असे लिहू नका. ‘मला पाहता आले नाही’ असे लेखाला जोडलेल्या चर्चा पानावर स्पष्ट लिहा, म्हणजे ज्याच्याकडे ते आहे तो पुढे येईल.

याचे एक उदाहरण सविस्तर देतो, कारण पैठणच्या बाबतीत ते अगदी चपखल बसते. ‘पेरिप्लस या ग्रीक ग्रंथात पैठणच्या तलम वस्त्रांचे कौतुक केले आहे’ अशा अर्थाचे वाक्य पैठणीवरच्या लिखाणात सहज येते. तुमच्या मसुद्यातही कुठेतरी असेल असा माझा अंदाज आहे. पेरिप्लस हे इसवी सनाच्या पहिल्या शतकातले, तांबड्या समुद्रापासून भारताच्या किनाऱ्यापर्यंतच्या व्यापाराची माहिती देणारे पुस्तक आहे. त्याचा लेखक अज्ञात आहे. त्याचे १९१२ सालचे इंग्रजी भाषांतर इंटरनेटवर मोफत वाचता येते, त्यामुळे सबब चालणार नाही. त्यात दक्षिणापथातल्या दोन महत्त्वाच्या बाजारपेठा सांगितल्या आहेत. बॅरिगाझाच्या, म्हणजे भडोचच्या, दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, आणि तिथून पूर्वेला दहा दिवसांवर तगर, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यातले तेर. दोन्हीकडचा माल गाड्यांमधून, धड रस्ते नसलेल्या मुलखातून भडोचला जात असे. पैठणहून काय जात असे? अकीकाच्या जातीचे खडे, तेही मोठ्या प्रमाणात. आणि कापड, मलमल वगैरे? ते तगरहून. म्हणजे ज्या संदर्भाच्या आधारावर पैठणच्या वस्त्रांचे कौतुक लिहिले गेले, तो संदर्भ कापडाचे श्रेय शेजारच्या गावाला देतो.

आता परीक्षकाने काय करावे? वाक्य खोडून मोकळे होऊ नये. ‘पेरिप्लसमध्ये पैठणहून भडोचला जाणाऱ्या खड्यांचा उल्लेख आहे’ असे खरे वाक्य तिथे लिहावे. हे वाक्य आधीच्यापेक्षा अधिक मोलाचे आहे, कारण त्यातून दोन हजार वर्षांपूर्वीचे एक व्यापारी गाव डोळ्यांपुढे उभे राहते. पैठणीच्या इतिहासाला वेगळा, वस्त्रकलेच्या अभ्यासकाचा संदर्भ शोधावा. पैठणीला भौगोलिक मानांकन मिळाले आहे, येवल्यात आज मोठ्या प्रमाणावर ती विणली जाते, हे सगळे स्वतंत्रपणे मांडता येते. ‘दोन हजार वर्षांची अखंड परंपरा’ हे मात्र कोणा संशोधकाने म्हटले असेल तर त्याच्या नावावर जावे, लेखाच्या स्वतःच्या आवाजात नको.

मला या सगळ्या कामातून जे सांगायचे आहे ते हेच: लेखात कोण बोलते आहे हे प्रत्येक वाक्यात कळले पाहिजे. छोट्या पण जुन्या शहरांच्या लेखांत ताम्रपट, संतचरित्र, सरकारी अहवाल आणि गावाचा अभिमान हे सगळे एकाच स्वरात बोलू लागतात आणि मग वाचकाला कशावर किती विसंबावे ते समजत नाही. यातल्या कोणालाही बाहेर काढायचे नाही. प्रत्येकाला त्याच्या नावाने बोलू द्यायचे.

सातवाहनांपासून सुरू करा. ‘पैठण ही सातवाहनांची राजधानी’ हे वाक्य पहिल्याच परिच्छेदात असणार. त्याला भक्कम आधार आहे. दुसऱ्या शतकातला भूगोलकार टॉलेमी पैठणला राजाचे ठाणे म्हणतो आणि राजाचे जे नाव देतो ते अभ्यासक पुळुमावीशी जुळवतात. पण ‘सातवाहनांची राजधानी सुरुवातीपासून शेवटपर्यंत पैठणच होती’ असे लिहिले की वादात शिरलात. सातवाहनांच्या आरंभीच्या सत्ताकेंद्राबद्दल जुन्नरचे नाव घेतले जाते, नंतरच्या काळासाठी आंध्रातल्या धान्यकटकाचे. तिथे मतभेद आहेत असे दोन ओळींत सांगावे आणि तपशील सातवाहनांच्या लेखाकडे सोपवावा. शहराचा लेख हा राजघराण्याचा लेख नव्हे. एकामागून एक राजांची नावे, त्यांचे पराक्रम, नाण्यांची वर्णने असे चार परिच्छेद आले आणि त्यात पैठण एकदाही दिसले नाही, तर ते चारही परिच्छेद हलवा.

शालिवाहन शकाचेही तसेच. इ.स. ७८ पासून ही कालगणना सुरू होते हे निर्विवाद. ती पैठणच्या शालिवाहन राजाने सुरू केली ही परंपरा महाराष्ट्रात खोल रुजलेली आहे, मातीच्या सैन्यात प्राण फुंकल्याच्या कथेसह. मात्र शकगणनेशी शालिवाहनाचे नाव कित्येक शतकांनंतरच्या लेखांतच जोडलेले आढळते, आणि बहुतेक इतिहासकार तिचा उगम शक किंवा कुशाण राजवटीत शोधतात. लेखात दोन्ही गोष्टी याव्यात. एक ‘परंपरेनुसार’ म्हणून, दुसरी ‘इतिहासकारांच्या मते’ म्हणून, आणि दोन्हींना आपापली तळटीप.

पुराव्याचा भाग मात्र जितका श्रीमंत करता येईल तितका करा, कारण बहुतेक मसुदे तिथेच कमी पडतात. पितळखोऱ्याच्या लेण्यात एका खांबावर पैठणच्या मितदेव नावाच्या गंधिकाच्या कुळाचे दान कोरलेले आहे. गंधिक म्हणजे अत्तरे, सुगंधी द्रव्ये विकणारा. राजा नाही, संत नाही. पैठणच्या बाजारातला एक दुकानदार, ज्याच्या घराण्याने सह्याद्रीच्या कुशीतल्या बौद्ध लेण्याला खांब दिला. माझ्या मते पैठणच्या लेखात ही एक ओळ राजवंशाच्या अख्ख्या यादीपेक्षा जास्त काम करते. याशिवाय १९९०च्या दशकात पैठणला झालेल्या उत्खननाचा सविस्तर अहवाल २०२० साली ग्रंथरूपात निघाला आणि तो इंटरनेटवर मोफत उपलब्ध आहे. तुमच्यापैकी एकाने फक्त तो अहवाल घेऊन बसावे. इंग्रजी जड वाटले तरी चालेल, नकाशे आणि निष्कर्षांची प्रकरणे वाचा. ‘उत्खननात अनेक प्राचीन वस्तू सापडल्या’ या पोकळ वाक्याच्या जागी कोणत्या काळात वस्ती कशी बदलत गेली हे लिहिता आले, तर लेखाची पातळीच बदलते.

आता नाजूक भाग, संतांचा. नागघाटावर ज्ञानेश्वरांनी रेड्याच्या मुखातून वेद वदवले, हे वाक्य जवळपास प्रत्येक परीक्षणात भांडणाचे कारण होते. एक जण म्हणतो, हा चमत्कार आहे, विश्वकोशात याला जागा नाही. दुसरा म्हणतो, याला संदर्भ मागणे हाच अपमान आहे. मी अशा चर्चांमध्ये दोन्ही बाजूंच्या माणसांशी बोललो आहे आणि दोघांच्या भावनेत खोट नव्हती. पहिल्याला ज्ञानाची चाड होती, दुसऱ्याला श्रद्धेची. वाद मिटतो तो वाक्य नीट लिहिल्यावर. ‘संतचरित्रांनुसार, शुद्धिपत्रासाठी ज्ञानेश्वर व त्यांची भावंडे पैठणच्या ब्रह्मवृंदाकडे आली असता…’ अशी सुरुवात करा, ज्या चरित्रग्रंथात ही कथा आहे त्याचा संदर्भ द्या, आणि आज नागघाटावर त्या प्रसंगाचे स्मरण कसे जपले जाते ते लिहा. कथा कोणी सांगितली, कधीपासून सांगितली जाते, तिने गावाला काय दिले, हा इतिहासच आहे. ती वगळली तर पैठणला येणारा वारकरी नागघाटावर का थांबतो हे वाचकाला कधीच समजणार नाही. चमत्कार घडला की नाही यावर निकाल देणे ना श्रद्धाळू संपादकाचे काम, ना नास्तिक संपादकाचे.

एकनाथांच्या बाबतीत अडचण वेगळी आहे, ती तारखांची. जन्मवर्षाबद्दल एकमत नाही. १५३३ हे वर्ष पुष्कळ ठिकाणी दिसते, पण इतर वर्षेही सुचवली गेली आहेत. एकच आकडा माहितीचौकटीत, म्हणजे लेखाच्या कडेच्या तक्त्यात, ठोकून देण्यापेक्षा ‘सुमारे’ लिहून तळटीपेत मतभेद नोंदवा. समाधीची तिथी फाल्गुन वद्य षष्ठी, म्हणजे नाथषष्ठी, याबद्दल वाद नाही. पण वर्षापाशी परीक्षकाने डोळे उघडे ठेवायला हवेत. काही ठिकाणी शके १५२१ आणि इ.स. १५९९ हे दोन्ही आकडे शेजारी-शेजारी दिलेले असतात. शकात ७८ मिळवले की इसवी सन येतो हा हिशेब आपण शाळेत शिकतो, पण तो गुढीपाडव्यापासून डिसेंबरअखेरपर्यंतच खरा. जानेवारीपासून फाल्गुन संपेपर्यंत ७९ मिळवावे लागतात, कारण इसवी सन मध्येच बदलतो. त्यामुळे शके १५२१चा फाल्गुन १६०० साली पडतो, आणि १५९९चा फाल्गुन हा शके १५२०चा ठरतो. दोन्ही आकडे एकाच वेळी बरोबर असू शकत नाहीत.

मग आपण दुरुस्त करायचे का? इथे विकिपीडियाची एक मर्यादा पाळावी लागते. साधी बेरीज-वजाबाकी करणे हे मूळ संशोधन, म्हणजे कुठेही न छापलेला स्वतःचा निष्कर्ष, मानले जात नाही. पण दोन छापील आकड्यांपैकी कोणता खरा हे स्वतः ठरवणे मूळ संशोधनात मोडते. तेव्हा विसंगती चर्चा पानावर मांडा, एकनाथांच्या चरित्राच्या अभ्यासकांपैकी कोणी या प्रश्नाचा विचार केला आहे का ते शोधा, आणि तोवर लेखात तिथी ठामपणे व वर्ष संदर्भासह लिहा. शक-इसवीची ही तपासणी पैठणच्या लेखातल्या प्रत्येक मध्ययुगीन तारखेला लावा. माघ-फाल्गुनातल्या घटना हमखास एका वर्षाने सरकलेल्या सापडतात.

आणि एक आग्रहाची सूचना. एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरीच्या हस्तलिखितांत शिरलेले अपपाठ काढून तिची शुद्ध प्रत सिद्ध केली, हे बहुतेक लेखांत एका ओळीत उरकलेले असते. ते इतक्यावर सोडू नका. मराठीतल्या पाठचिकित्सेच्या, म्हणजे हस्तलिखिते ताडून शुद्ध पाठ ठरवण्याच्या, कामाचा हा फार मोठा टप्पा आहे आणि तो पैठणच्या माणसाच्या हातून घडला. या घटनेला साल आणि तिथी खुद्द नाथांच्या ओव्यांतच दिलेली असल्यामुळे ती पडताळायलाही सोपी आहे.

वारकरी परंपरेच्या तेजात पैठणचे बाकीचे रंग झाकले जातात, तेही पाहा. महानुभावांच्या लीळाचरित्रात चक्रधरस्वामींच्या पैठणमधल्या वास्तव्याचे प्रसंग आहेत. मुनिसुव्रतनाथांचे जैन अतिशय क्षेत्र आहे. शहरात दर्गे आहेत, मुस्लिम मोहल्ले आहेत. यातले काय मसुद्यात आहे आणि काय नाही याची गटातल्या एकाने नुसती नोंद केली तरी तटस्थतेची अर्धी तपासणी होते. तटस्थ लेखन म्हणजे भांडणाऱ्या दोन बाजूंना समान ओळी वाटून देणे असे अनेकांना वाटते. छोट्या शहराच्या लेखात पक्षपात होतो तो बहुतेक वेळा वगळण्यातून, आणि तोही कोणी मुद्दाम केलेला नसतो. लिहिणाऱ्याच्या घराच्या आसपासचे पैठण तेवढे लेखात येते.

मसुद्यात यादव काळानंतर एकदम नाथ, आणि नाथांनंतर एकदम जायकवाडी धरण, अशी उडी असेल तर ती भरून काढा. साधने आहेत, फक्त ती कुठे आहेत हे माहीत असावे लागते. पैठण निजामाच्या मुलखात होते, त्यामुळे मुंबई इलाख्याच्या प्रसिद्ध गॅझेटियर मालिकेत ते शोधून मिळणार नाही. औरंगाबादचे १८८४चे गॅझेटियर वेगळे निघाले होते, ते पाहा. महाराष्ट्र शासनाचे औरंगाबाद जिल्ह्याचे गॅझेटियर १९७७चे. या दोन्हींत पैठणवर स्वतंत्र मजकूर आहे. ६ मार्च १७२८चा मुंगी-शेवगावचा तह पैठणच्या परिसरातला म्हणून घेता येईल, पण ‘पैठणचा तह’ असे लिहू नका. मुंगी गोदावरीच्या पलीकडे, शेवगाव तालुक्यात आहे. डिसेंबर १७६० मध्ये, पानिपतची लढाई तोंडावर असताना, नानासाहेब पेशव्यांचे दुसरे लग्न पैठणला झाले. ही घटना घ्या. ‘पेशवे पैठणला रेंगाळले नसते तर पानिपत टळले असते’ ही टिप्पणी घेऊ नका. तसे कोणा इतिहासकाराने लिहिले असेल तर ती चर्चा पानिपतच्या लेखात शोभेल. १९४८ साली हैदराबाद मुक्त झाले, १९५६ साली मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला, १९६० साली महाराष्ट्र झाला. नगराच्या प्रशासनाचा इतिहास या तारखांशिवाय लागत नाही, आणि तरी बहुतेक लेखांत तो नसतोच.

जायकवाडीचा भाग तपासायला अभियंत्याची गरज नाही, फक्त सावध डोळे हवेत. भूमिपूजन १८ ऑक्टोबर १९६५ रोजी लालबहादूर शास्त्रींच्या हस्ते, लोकार्पण २४ फेब्रुवारी १९७६ रोजी इंदिरा गांधींच्या हस्ते, दरवाजे २७. इथवर सहसा ठीक असते. गोंधळ होतो तो पाणीसाठ्यात. वर्तमानपत्रांत कधी १०२ टीएमसी (अब्ज घनफूट) येते, कधी ७६. दोन्ही खरे आहेत. पहिला एकूण साठा, २,९०९ दलघमी (दशलक्ष घनमीटर). दुसरा जिवंत, म्हणजे वापरता येणारा, साठा, २,१७१ दलघमी. मधला फरक मृतसाठ्याचा. मसुद्यात एका परिच्छेदात एक आणि माहितीचौकटीत दुसरा आकडा आला असेल तर तो आधी शोधा. धरण पैठणला असून नाव जायकवाडी का, हा वाचकाच्या मनात हमखास येणारा प्रश्न आहे. मूळ आराखडा बीड जिल्ह्यातल्या जायकवाडी गावाजवळचा होता, जागा बदलली तरी नाव राहिले. हे लिहायला विसरू नका.

आणि धरणाने ज्यांची गावे पाण्याखाली गेली, त्यांच्याबद्दल मसुदा काय म्हणतो? बहुतेक ठिकाणी उद्यानाची कारंजी आणि परदेशातून येणारे पक्षी यांना दोन परिच्छेद मिळतात, विस्थापितांना एकही ओळ नाही. नाथसागरात, म्हणजे धरणाच्या जलाशयात, बुडालेल्या गावांची कागदपत्रे शासनदरबारी आहेत, पुनर्वसनावर प्रबंध लिहिले गेले आहेत. ते गाठा. २००६च्या पुराचाही उल्लेख हवा, धरणातून सोडलेल्या पाण्याने त्या वर्षी पैठण शहर जलमय झाले होते. त्या काळातली वर्तमानपत्रे जिल्ह्याच्या ग्रंथालयात पाहायला मिळतील.

जनगणनेचे आकडे घेताना नगरपरिषद आणि तालुका यांची सरमिसळ होते. शहराची २०११ची लोकसंख्या काही दहा हजारांत आहे. मसुद्यात लाखांचा आकडा दिसला तर तो तालुक्याचा आहे हे ओळखा. याच न्यायाने बिडकीनची औद्योगिक वसाहत, ज्ञानेश्वरांचे आपेगाव हे तालुक्याच्या लेखात जावे, शहराच्या लेखातून तिकडे दुवा द्यावा. जिल्ह्याचे नाव २०२३ पासून छत्रपती संभाजीनगर आहे, तेव्हा वर्तमानकाळातल्या वाक्यांत तेच हवे. मात्र शोधा-आणि-बदला करताना संदर्भग्रंथांची नावे बदलली जात नाहीत ना ते पाहा. १८८४च्या गॅझेटियरच्या मुखपृष्ठावर जे छापले आहे तेच तळटीपेत राहिले पाहिजे, नाहीतर पुढच्या माणसाला ते पुस्तक सापडणारच नाही.

एका सापळ्याबद्दल बजावून सांगतो. स्थानिक पुरवण्या, पर्यटन संकेतस्थळे, स्पर्धा परीक्षांच्या मार्गदर्शिका यांतला बराच मजकूर विकिपीडियावरूनच उचललेला असतो. मग तोच मजकूर संदर्भ म्हणून विकिपीडियावर परत येतो आणि कोणीतरी वर्षांपूर्वी सहज लिहिलेले वाक्य दोन-तीन तळटीपांनिशी प्रमाण होऊन बसते. ओळखायचे कसे? लेखाच्या ‘इतिहास पाहा’ मध्ये जाऊन ते वाक्य कधी आले ती तारीख काढा आणि वर्तमानपत्रातल्या लेखाची तारीख शेजारी ठेवा. वाक्य आधीचे आणि बातमी नंतरची, शब्दही सारखेच, तर तो संदर्भ काढून टाका. काढून टाकल्यावर दुसरा आधार मिळाला नाही तर ‘संदर्भ हवा’ लावा, काही आठवडे वाट पाहा आणि मग वाक्यही काढा. गावातल्या जाणत्या माणसांकडे असलेली माहिती वाया जाऊ द्यायची नसेल तर त्यांना ती एखाद्या मासिकात, संशोधन पत्रिकेत लिहायला लावा. छापून आली, की तुमचा लेख तिचा आधार घेऊ शकतो.

प्रताधिकाराचे थोडक्यात. १८८४चे गॅझेटियर मुक्त आहे, त्यातला मजकूर सांगून-सवरून घेता येतो. १९७७चे शासकीय गॅझेटियर मुक्त नाही. शासकीय प्रकाशनांना प्रसिद्धीपासून साठ वर्षे संरक्षण असते. मराठी विश्वकोशातली नोंद वाचा, तिच्यावर विसंबा, पण वाक्ये आपली लिहा. छायाचित्रांसाठी तुमच्या गटाला बाहेरच्या कोणाची गरज नाही. तीर्थखांब, नाथांचे समाधिमंदिर, नागघाट, बाळासाहेब पाटील यांच्या नावाचे शासकीय वस्तुसंग्रहालय यांची स्वतः काढलेली छायाचित्रे कॉमन्सवर, म्हणजे विकिपीडियाच्या मुक्त चित्रसंग्रहावर, चढवा. सार्वजनिक जागेतल्या इमारती आणि कायमस्वरूपी शिल्पे यांची छायाचित्रे काढायला भारतीय कायदा मोकळीक देतो, भिंतीवरच्या आधुनिक चित्रांना ती सवलत नाही. संग्रहालयाच्या आत आधी परवानगी विचारा. आणि मंदिरे सोडून एक छायाचित्र गर्दीतल्या रस्त्याचे, एक मागावर बसलेल्या विणकराचे, त्यांच्या संमतीने, असू द्या.

भाषेचा फेरा अगदी शेवटी घ्या. विशेषणे गाळा. ‘जगप्रसिद्ध’, ‘पवित्र’, ‘देदीप्यमान’, ‘अलौकिक’ हे शब्द काढले की वाक्य उघडे पडते आणि त्यात माहिती किती आहे ते दिसते. ‘असे मानले जाते’ दिसले की ‘कोण मानते?’ असे समासात लिहा. एकनाथांसाठी आदरार्थी बहुवचन राहू द्या. मराठीत ते सहज आहे आणि त्याने तटस्थता जात नाही. पण ‘परमपूज्य’, ‘प्रातःस्मरणीय’ वगैरे नको. ‘आपले पैठण’, ‘आपली संस्कृती’ यातले ‘आपले’ काढा.

कामाची वाटणी अशी करा की ज्याने जो विभाग लिहिला त्याने तो तपासू नये. किमान एक परीक्षक पैठण कधी न पाहिलेला असावा. घाट कुठे, वाडा कुठे, मुंगी कुठल्या काठाला, हे त्याला लेखावरून कळले नाही तर तो दोष त्याचा नाही. हरकती समाजमाध्यमांवरच्या गटात न मांडता चर्चा पानावर मांडा, कारण पाच वर्षांनी येणाऱ्या संपादकाला तिथेच त्या सापडतील. हरकत लिहिताना ‘हा परिच्छेद चुकीचा आहे’ असे लिहू नका. ‘तिसऱ्या परिच्छेदातले दुसरे वाक्य; तळटीपेतल्या पुस्तकाचे दिलेले पान पाहिले, तिथे तहाचा उल्लेख आहे पण पैठणचा नाही’ असे लिहा. लिहिणाऱ्याने रात्री जागून, पदरचे पैसे घालून पुस्तके मिळवलेली असतात. तुमची हरकत जितकी नेमकी, तितका त्याचा मान राखला जातो, आणि दुरुस्तीही त्याच्याच हातून होते. तीच उत्तम.

सदरासाठी नाव सुचवाल तेव्हा कौल देताना तुमच्या गटाने आपण मसुद्याशी संबंधित आहोत हे उघड सांगावे. नुकती खाती उघडलेल्या मित्रांना पाठिंबा द्यायला पाठवू नका. बाहेरच्या सदस्यांनी काढलेल्या शंकांना उत्तर देणे हेच तुमचे काम. काही वेळा लेख परत येईल, एखादा अनोळखी सदस्य अख्खा विभाग काढून टाकेल. त्याचा बदल उलटवण्याआधी त्याने दिलेले कारण वाचा, उत्तर चर्चा पानावर द्या, एक दिवस थांबा.

लेख सदरात झळकला की त्यावर अनामिक संपादनांची गर्दी होते, तेव्हा सगळ्यांनी तो आपापल्या पहाऱ्याच्या सूचीत (निवडलेल्या लेखांतले बदल दाखवणाऱ्या यादीत) टाकून ठेवा आणि त्या महिन्यात रोज कोणी पाहायचे याची पाळी लावा. नाथषष्ठीच्या आणि आषाढीच्या सुमारास, जेव्हा नाथांची पालखी पैठणहून पंढरपूरला निघते, तेव्हाही लक्ष ठेवा. नव्या जनगणनेचे आकडे आले की लोकसंख्येचा तक्ता बदलावा लागेल, नगरपरिषदेची निवडणूक झाली की प्रशासनाचा विभाग. ही दोन कामे कोणाकडे, हे आत्ताच चर्चा पानावर नावानिशी लिहून ठेवा.